स्त्रीराज्यातला मृदंग

श्रावण लागला की पुणे जिल्ह्यातल्या शिरूर-दौंड भागात घरोघरी नवनाथांची पोथी बाहेर निघते. वेळ नदीकाठचं तळेगाव ढमढेरे असो, भीमेकाठचं एखादं छोटं गाव असो किंवा दौंडची रेल्वे वसाहत असो, कुठे नऊ दिवसांचं पारायण बसतं, कुठे रोज एकेक अध्याय होतो. धुंडीसुत मालू यांनी शके १७४१ मध्ये, म्हणजे इसवी सन १८१९ मध्ये पूर्ण केलेला ‘नवनाथ भक्तिसार’ हा चाळीस अध्यायांचा, साडेसात हजारांहून अधिक ओव्यांचा ग्रंथ आजही महाराष्ट्रात सर्वांत जास्त वाचल्या आणि ऐकल्या जाणाऱ्या पोथ्यांपैकी एक आहे. वाचणारे तो श्रद्धेने वाचतात, न वाचणारे चमत्कारांची जंत्री म्हणून बाजूला ठेवतात. या दोन्ही टोकांमध्ये एक गोष्ट हरवते. मराठीत कल्पनेने उभ्या केलेल्या जगांपैकी अत्यंत रेखीव असं एक जग या पोथीत आहे आणि त्या जगाचा सगळा कारभार आवाजावर चालतो. ते जग म्हणजे स्त्रीराज्य.

गोष्ट थोडक्यात अशी. स्त्रीराज्यात पुरुष नाही. दूरवरून मारुतीचा भुभुःकार तिथे पोचतो, त्या नादाने स्त्रियांना गर्भ राहतो, आणि त्याच नादापुढे पुरुषगर्भ टिकत नाही. बाहेरून कोणी पुरुष आलाच तर त्याचीही तीच गत. या राज्याच्या राणीने, मैनाकिनीने, मारुतीसाठी तप केलं. मारुती ब्रह्मचारी, म्हणून त्याने आपल्या जागी मच्छिंद्रनाथांना पाठवलं. मच्छिंद्र तिथे रमले, त्यांना मीननाथ हा मुलगा झाला, आणि आपण कोण होतो याचं भान हळूहळू सुटत गेलं. इकडे त्यांचा शिष्य गोरक्षनाथ गुरूच्या शोधात भटकत होता. गुरू स्त्रीराज्यात आहे हे कानिफनाथांकडून कळल्यावर तो कलिंगा नावाच्या नर्तकीच्या ताफ्यात सामील झाला, स्त्रीवेष घेतला आणि मृदंग वाजवणाऱ्याच्या जागी उभा राहिला. दरबारात नाच रंगात आला, तेव्हा त्या मृदंगातून बोलांच्या जागी शब्द निघू लागले: मच्छिंद्रनाथांचं नाव, आणि गोरक्ष आल्याची वर्दी. ऐकणारे सगळे नाचात गुंग होते. दचकले ते एकटे मच्छिंद्रनाथ.

हा प्रसंग कीर्तनकारांनी, तमासगिरांनी, नाटकवाल्यांनी इतक्या वेळा रंगवला आहे की त्यातला बारकावा आता कोणाच्या लक्षात येत नाही. गोरक्षनाथ या पोथीत काय काय करू शकतो, ते आठवून पाहावं. तो अस्त्रं सोडतो, डोंगर सोन्याचा करतो, मेलेल्याला उठवतो. अशा माणसाने गुरूला परत आणण्यासाठी यातलं काहीही मुख्य साधन म्हणून वापरलेलं नाही. स्वतःच्या संरक्षणासाठी त्याने मंत्र वापरले, पण मच्छिंद्रनाथांना उठवण्याच्या क्षणी त्याच्या हातात होतं ते एक चामड्याने मढवलेलं वाद्य. माझं म्हणणं असं की ही निवड योगायोगाची नाही. स्त्रीराज्य हे जग असं रचलेलं आहे की तिथे डोळ्यावर विसंबणारा फसतो आणि कानावर विसंबणारा सुटतो. राज्याचं वैभव दिसतं, राणीचं रूप दिसतं, गोरक्षाचा स्त्रीवेष दिसतो. जे जे दिसतं ते खरं झाकणारं असतं. त्या जगात प्रवेश कोणाला आणि सुटका कोणाची, हे मात्र दोन्ही वेळा आवाजच ठरवतो. एक आवाज सरसकट सगळ्यांवर कोसळणारा, त्यापुढे कोणाची ओळख उरत नाही. दुसरा एकाच माणसाला उद्देशून आलेला, त्याची ओळख त्याला परत देणारा. भुभुःकार आणि मृदंग ही जोडी समोरासमोर ठेवली की या कल्पित जगाचे नियम स्वच्छ दिसू लागतात.

पहिली शंका इथेच येईल की, हे आपण आजचे वाचणारे त्या गोष्टीवर लादतो आहोत. मालूंना एक रंजक प्रसंग हवा होता, त्यांनी तो घातला. या शंकेचं उत्तर पोथीबाहेर आहे. मच्छिंद्रनाथांच्या सुटकेची कथा मालूंच्या कितीतरी आधीपासून देशभर फिरते आहे. बंगालीत ‘गोरक्षविजय’ नावाचं जुनं काव्य आहे, ते शेख फैजुल्ला या कवीच्या नावावर सांगितलं जातं. एका मुसलमान कवीने नाथांची कथा गावी, ही गोष्टही नोंद घेण्यासारखी आहे. त्यात राज्याचं नाव कदली, गुरूचं नाव मीननाथ, आणि मृदंगातून निघणारे शब्दही वेगळे, कायासाधनेची आठवण देणारे. हिंदी पट्ट्यात शब्द आणखी वेगळे. म्हणजे गावोगावी जाताना या कथेतलं राज्य बदललं, राणी बदलली, संदेशाचा मजकूर बदलला. गोरक्षाचा नर्तकीशी असलेला संबंध आणि वाद्याचं बोलणं मात्र टिकलं. सांगणाऱ्यांनी बाकी सगळं हवं तसं वळवलं आणि एवढंच सांभाळलं, याचा अर्थ कथेचा कणा तिथे आहे हे त्यांना उमगलेलं होतं. खुद्द स्त्रीराज्याची कल्पनाही मालूंची नव्हे. बाराव्या शतकातल्या कल्हणाच्या ‘राजतरंगिणी’त ललितादित्याच्या दिग्विजयात स्त्रीराज्य येतं, जैमिनीच्या अश्वमेधात अर्जुनाला प्रमिलेचं राज्य लागतं. पण तिथे घोडा अडतो, लढाईची वेळ येते. आवाजाचा हा खेळ नाथांच्या गोष्टीतच आहे.

का, याचं उत्तर नाथांच्या साधनेत सापडतं. ‘हठप्रदीपिका’ हा स्वात्मारामांचा ग्रंथ नाथपरंपरेतलाच. त्याच्या चौथ्या उपदेशात साधकाला कान मिटून आतला नाद ऐकायला सांगितलं आहे आणि तो नाद कसा बदलत जातो त्याचा क्रमही दिला आहे: आधी समुद्र, मेघ, नगारा यांसारखे मोठे घोष, मध्ये मर्दल, शंख, घंटा, शेवटी किंकिणी, बासरी, वीणा आणि भुंग्याचा गुंजारव. मर्दल म्हणजे मृदंगाच्याच जातीचं वाद्य. हा क्रम डोळ्यांसमोर ठेवून स्त्रीराज्याकडे पुन्हा पाहिलं तर भुभुःकार हा त्या मोठ्या घोषांच्या बाजूचा दिसतो आणि गोरक्षाचा मृदंग मधल्या पायरीवरचा, जिथे साधकाचं लक्ष बाहेरून आत वळू लागतं. ही संगती मालूंनी मुद्दाम जुळवली असं मी म्हणणार नाही. पण ज्या पंथात पिढ्यान्‌पिढ्या नाद ऐकण्याचा अभ्यास होता, ज्या पंथाचा योगी गळ्यात शिंगी बांधतो आणि गुरूला वंदन करताना ती फुंकतो, त्या पंथाच्या कथेत जाग येण्याची वाट कानावाटेच जाणार. महाराष्ट्राला हे परकं नाही. आदिनाथ, मच्छिंद्रनाथ, गोरक्षनाथ, गहिनीनाथ, निवृत्तिनाथ ही परंपरा ज्ञानदेवांनी ज्ञानेश्वरीच्या अखेरीस स्वतः नोंदवली आहे, आणि सहाव्या अध्यायात कुंडलिनीच्या वर्णनात अनाहताचा नाद आहेच. म्हणजे आळंदीच्या वाटेवर मृदंगाच्या साथीने चालणारा वारकरी आणि श्रावणात पोथी ऐकणारा नाथभक्त यांचं मूळ एकाच घराण्यात आहे.

दुसरी शंका विज्ञानाच्या बाजूने येते आणि ती दोन उलट दिशांनी येते. एक म्हणतो, वाद्य बोलणं शक्य नाही, तेव्हा हा निव्वळ भाकडपणा. दुसरा म्हणतो, यात आपल्या पूर्वजांनी दडवलेलं ध्वनिविज्ञान आहे. दुसऱ्याचं आधी निकालात काढतो. भुभुःकाराने गर्भ राहतो, यात कुठलंही शास्त्र दडलेलं नाही; ते एका कल्पित जगाचं विधान आहे आणि त्याला प्रयोगशाळेत ओढून नेणं हा कथेचाही अपमान आहे आणि विज्ञानाचाही. पहिल्याचं म्हणणं मात्र सावकाश तपासण्यासारखं आहे, कारण मृदंगाच्या बाबतीत खरं विज्ञान त्या कल्पनेच्या बरंच जवळ जातं.

साधं चामडं ताणून बांधलं आणि त्यावर थाप मारली तर त्याचा एक मूळ स्वर निघतो आणि त्यावर चढे उपस्वर. हे उपस्वर मूळ स्वराच्या १.५९ पट, २.१४ पट, २.३० पट अशा अडनिड्या प्रमाणात असतात. ते एकमेकांत मिसळत नाहीत, म्हणून ढोलाचा आवाज घुमतो पण त्याचा नेमका स्वर सांगता येत नाही. माणसाचा गळा, तंबोऱ्याची तार, बासरी यांचे उपस्वर दुप्पट, तिप्पट, चौपट अशा सरळ प्रमाणात येतात. म्हणून ते आवाज कानाला सुरेल लागतात. मृदंगाच्या उजव्या पुडीवर काळी शाई असते. लोहचूर आणि शिजवलेल्या भाताचा लगदा थरावर थर देऊन, प्रत्येक थर घोटून ती चढवतात. मध्ये जाड, कडेला पातळ. या वजनामुळे पुडीचा मधला भाग जड होतो आणि ते अडनिडे उपस्वर सरकून सरळ प्रमाणात येऊन बसतात. चंद्रशेखर वेंकट रामन यांनी शिवकाली कुमार यांच्यासोबत १९२० मध्ये ‘नेचर’मध्ये हे प्रथम दाखवलं आणि १९३४ मध्ये भारतीय तालवाद्यांवर सविस्तर निबंध लिहिला. मूळ स्वरासकट पहिले पाच स्वर या वाद्यात सुरेल पायरीवर येतात, हा त्यांचा निष्कर्ष. डाव्या बाजूला वाजवण्याआधी ओली कणीक थापतात, तिने त्या बाजूचा नाद खाली उतरतो आणि भारदस्त होतो. थोडक्यात, जगातल्या असंख्य चर्मवाद्यांपैकी मृदंग, पखवाज, तबला या कुळाने माणसाच्या गळ्याच्या स्वभावाचा काही अंश कमावलेला आहे. कथा सांगणाऱ्याला रामन माहीत असण्याची गरज नव्हती. त्याला कान होते.

यात शिकण्याच्या पद्धतीची भर घाला. मृदंग शिकणारा मुलगा आधी हाताने वाजवत नाही, तोंडाने म्हणतो. धा, ता, दिं, तिट, कत, गदि, गन. बोल जिभेवर पक्के बसले की मग ते बोटांत उतरतात, आणि मुरलेला ऐकणारा थाप ऐकून बोल सांगतो. अक्षरापासून थाप आणि थापेपासून अक्षर अशी ही वाट रोज दोन्ही बाजूंनी तुडवली जाते. पश्चिम आफ्रिकेतल्या योरूबा लोकांचा बोलका ढोल जगप्रसिद्ध आहे. त्यांच्या भाषेत स्वराच्या चढउतारावर शब्दाचा अर्थ ठरत असल्याने काखेत दाबून वाजवलेला ढोल खरोखरच वाक्यं बोलतो. मराठीचं तसं नाही, इथे मृदंगाला वाक्य बोलता येणार नाही. पण ज्या समाजात वाद्याचे ‘बोल’ रोजच्या बोलण्यात आहेत, तिथे कथाकाराने फक्त एक पाऊल पुढे टाकलं. बोल होतेच, त्याने त्यांना अर्थ दिला.

आणि नाव ऐकू येण्याचं काय? भरल्या दरबारात फक्त मच्छिंद्रनाथ दचकतात, हा तपशील मला सगळ्या प्रसंगात सर्वांत खरा वाटतो. १९५९ मध्ये नेव्हिल मोरे या इंग्लंडमधल्या मानसशास्त्रज्ञाने लोकांच्या दोन कानांत दोन वेगवेगळे मजकूर ऐकवले आणि एकाच कानाकडे लक्ष देऊन तो मजकूर मोठ्याने म्हणायला सांगितलं. दुसऱ्या कानातलं जवळजवळ काहीच कोणाला आठवलं नाही. पण त्या दुर्लक्षित कानात स्वतःचं नाव आलं तेव्हा सुमारे एक-तृतीयांश लोकांना ते कळलं. लक्ष पूर्णपणे दुसरीकडे गुंतलेलं असतानाही मनाचा एक दरवाजा आपल्या नावासाठी उघडा राहतो. स्त्रीराज्यातल्या सुखात बुडालेल्या माणसापर्यंत पोचायला उपदेश उपयोगाचा नव्हता, कारण तो ऐकायला आधी लक्ष हवं. नावाला ते लागत नाही. गोरक्षाने गुरूला तत्त्वज्ञान ऐकवलं नाही, हाक मारली.

तिसरा आक्षेप अधिक गंभीर आहे आणि त्याला बगल देऊन चालणार नाही. स्त्रियांचं राज्य म्हणजे मोह, आणि त्यातून पुरुषाला सोडवणारा तो नायक, ही मांडणी स्त्रीकडे कशी पाहते? आक्षेप खरा आहे. संन्याशांनी संन्याशांसाठी रचलेल्या कथांमध्ये स्त्री बहुतेक वेळा अडथळा म्हणून येते, आणि ही कथा त्याला अपवाद नाही. मैनाकिनीचा नवरा जातो, मुलगाही त्याच्यासोबत जातो, आणि पोथी लवकरच दुसऱ्या नाथाकडे वळते. तरीही आवाजाच्या बाजूने पाहिलं तर कथेत एक दुसरी बाजू उमटते, जी बहुधा सांगणाऱ्यांच्याही हेतूत नव्हती. स्त्रीराज्यातल्या बायकांना मिळणारा एकमेव पुरुष-आवाज हा दुरून कोसळणारा भुभुःकार आहे. तो त्यांच्या शरीरावर परिणाम करतो, त्यांच्याशी बोलत मात्र नाही. त्यांच्यापैकी कोणाचं नाव घेऊन हाक मारणारा मृदंग त्या राज्यात वाजतच नाही. आणि गोरक्षाला दरबारापर्यंत नेणारी कलिंगा, जिच्या कलेशिवाय ही सुटका झालीच नसती, तिचं पुढे काय झालं याची चौकशी पारायणात कोणी करत नाही. कीर्तनकारांनी आणि लेखकांनी या कथेला आज हात घालायचा असेल तर तो इथून घालावा.

सांगायचं राहू नये म्हणून एक जुळणी. बोलपट नवा असताना, १९३२ मध्ये, कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीने ‘अयोध्येचा राजा’नंतर ‘माया मच्छिंद्र’ काढला. दिग्दर्शक व्ही. शांताराम, मच्छिंद्रनाथ गोविंदराव टेंबे, राणी दुर्गा खोटे, गोरक्ष मास्टर विनायक. पहिला भारतीय बोलपट ‘आलम आरा’ येऊन दोन वर्षंही झाली नव्हती. पडद्याला नुकताच कंठ फुटला होता आणि मराठी माणसांनी सुरुवातीलाच निवडलेल्या गोष्टींत ही गोष्ट होती. मूकपटात ती दाखवता आली असती, पण मृदंगातून निघालेली हाक पाटी लिहून सांगावी लागली असती.

पण पडद्याच्याही कितीतरी आधीपासून हा मृदंग ज्यांनी दारोदारी पोचवला ते लोक वेगळे. नाथपंथी डवरी गोसावी आणि भराडी हे भटके समाज भैरवनाथाची, जोगेश्वरीची, नवनाथांची गाणी आणि कथा डौर या डमरूसारख्या वाद्याच्या तालावर सांगत महाराष्ट्रभर फिरले. पुणे जिल्ह्याच्या या पूर्व भागात गावोगाव भैरवनाथाची देवळं आहेत, आणि शिरूरवरून पुढे अहिल्यानगर ओलांडलं की पाथर्डीकडे गर्भगिरीच्या रांगा लागतात: मढीला कानिफनाथ, सावरगावच्या मायंब्याला मच्छिंद्रनाथ. मढीच्या यात्रेला होळीपासून पाडव्यापर्यंत भटक्या समाजांची गर्दी असते. पोथी वाचता न येणाऱ्यांपर्यंत स्त्रीराज्य पोचलं ते यांच्या तोंडून. रा. चिं. ढेरे यांनी नाथ संप्रदायाचा इतिहास लिहिताना अशा लोकपरंपरांना जो मान दिला, तो समाजाने मात्र दिला नाही. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातल्या राईनपाड्यात मुलं पळवणारी टोळी आल्याच्या अफवेवरून जमावाने पाच जणांना ठेचून मारलं. ते पाचही जण भिक्षेसाठी फिरणारे नाथपंथी डवरी गोसावी होते. मोबाइलवरून पसरलेली अफवा हजारोंनी ऐकली. समोर उभ्या माणसांचं म्हणणं कोणी ऐकलं नाही.

शेवटचा आक्षेप व्यवहारी आहे: बहुतेक लोक पोथी वाचतात ती अध्यायाखालच्या फलश्रुतीसाठी, नादाच्या विचारासाठी नाही. खरं आहे, आणि त्यात गैर काही नाही. संकटातला माणूस जिथे आधार दिसेल तिथे जातो. पण पारायण मोठ्याने करायचं, घरातल्यांनी बसून ऐकायचं, हा रिवाज त्याच लोकांनी टिकवला आहे, आणि त्यामुळेच ही ओवी अजून कानावर पडते. मनातल्या मनात वाचली तर ती अर्धीच उरते.

तेव्हा वाचकांना विनंती एवढीच. या श्रावणात घरी किंवा गावच्या देवळात नवनाथांची पोथी लागली तर स्त्रीराज्याचा भाग मुलांना समोर बसवून मोठ्याने वाचा, आणि शक्य असेल तर एखाद्या पखवाजवाल्याला बोलावून त्याला बोल म्हणून दाखवायला सांगा. आणि दारात डौर वाजवत कोणी गोसावी आला तर त्याच्या हातावर काही ठेवून त्याला वाटेला लावू नका. त्याला बसवा, पाणी द्या, त्याच्याकडची गोष्ट ऐका, आणि त्याची परवानगी असेल तर त्याच्या नावागावासकट ती मोबाइलवर रेकॉर्ड करून ठेवा. या कथा तोंडपाठ असलेली माणसं आता म्हातारी होत चालली आहेत आणि त्यांच्या मुलांना हा फिरता व्यवसाय नको आहे.